दरोड्यातला पाचवा माणूस

(भिवंडी येथे झालेल्या जाहीर व्याख्यानाचे शब्दांकन. बोलण्याच्या ओघातली पुनरुक्ती कमी केली आहे. शेवटी श्रोत्यांचे काही प्रश्न दिले आहेत.)



आजचा विषय बाहेर फळ्यावर लिहिलाच आहे: कमी पैशांतला थरारपट, आणि त्यातही फसलेल्या दरोड्याचा. इथे पुढे बसलेल्या मुलांपैकी पाच-सहा जणांनी मला मघाशी सांगितलं की आम्हाला असा सिनेमा करायचाय, भिवंडीतच करायचाय, आणि खिशात फारसं काही नाही. तेव्हा आज मी समीक्षकासारखं कमी बोलणार आहे आणि हिशेब जास्त मांडणार आहे. पैशांचाही आणि माणसांचाही.

पहिला प्रश्न साधा आहे. ज्याच्याकडे पैसे नसतात असा नवा दिग्दर्शक जगात कुठेही असो, तो फसलेल्या दरोड्याच्या गोष्टीकडे का वळतो? प्रेमकथा स्वस्तात होते, भुताची गोष्ट स्वस्तात होते. दरोडा म्हटलं की बंदुका आल्या, गाड्या आल्या, तिजोरी आली. मग हा महागडा विषय गरीब माणसाला कसा परवडतो?

उत्तर असं की या गोष्टीचे तीन भाग असतात. पहिला जमवाजमवीचा: माणसं गोळा करायची, बेत आखायचा. दुसरा प्रत्यक्ष दरोड्याचा. तिसरा वाटणीचा. यातला महाग भाग फक्त मधला. आणि गंमत म्हणजे गोष्ट फसते ती बहुतेक वेळा तिसऱ्या भागात. कुलूप उघडतं, तिजोरी उघडते, माल बाहेर येतो, आणि मग चार माणसं एका खोलीत बसतात. तिथून खरा सिनेमा सुरू होतो. त्याला लागते एक खोली आणि चार नट.

ही काही परदेशातून आलेली युक्ती नाही. आपल्या तालुक्यात लोनाडला बौद्ध लेणी आहेत, तुमच्यापैकी अनेकांनी पाहिली असतील. अशा लेण्यांमधून राहणाऱ्या भिक्खूंच्या परंपरेत जातककथा सांगितल्या जायच्या. त्यातली एक आहे वेदब्भ जातक. एका ब्राह्मणाला एक मंत्र येत असतो. ठरावीक नक्षत्रयोगावर तो म्हटला की आकाशातून रत्नं पडतात. पाचशे चोर त्याला पकडतात, तो रत्नं पाडून देतो. वाटेत दुसरे पाचशे चोर पहिल्यांना अडवतात. पहिले म्हणतात, आम्हाला कशाला धरता, त्या ब्राह्मणाला धरा. ब्राह्मण म्हणतो, आता तो योग वर्षभर येणार नाही. ते त्याला मारतात, मग पहिल्या टोळीला मारतात, मग आपसात दोन तट पडतात आणि मारामारी होते. शेवटी दोनच माणसं उरतात. एक जण धन राखत बसतो, दुसरा गावातून भात आणायला जातो. राखणारा तलवार उपसून तयार असतो, भात आणणारा भातात विष कालवतो. एक तलवारीने मरतो, दुसरा तो भात खाऊन मरतो. धन तिथेच पडून राहतं.

आता बघा, हजार चोरांनी सुरू झालेली गोष्ट दोन माणसं आणि एका भाताच्या भांड्यावर येऊन संपते. माणसं कमी होत जातात तसा ताण वाढत जातो. आजच्या पटकथालेखकाला हेच शिकवतात.

आता सिनेमाकडे येऊ. १९५० साली जॉन ह्यूस्टनचा 'द अस्फाल्ट जंगल' आला आणि जमवाजमव, दरोडा, वाटणी हा साचा पक्का झाला. १९५५ साली ज्यूल्स डॅसिनने फ्रान्समध्ये 'रिफीफी' केला. त्यात दरोड्याचा प्रसंग जवळजवळ अर्धा तास चालतो, आणि त्यात एकही संवाद नाही, पार्श्वसंगीत नाही. फक्त हत्यारांचे, श्वासांचे आवाज. शांतता फुकट मिळते, हे ध्यानात ठेवा.

पुढच्याच वर्षी, १९५६ साली, स्टॅनली कुब्रिकचा 'द किलिंग' आला. तेव्हा तो अठ्ठावीस वर्षांच्या आतबाहेरचा तरुण होता आणि खर्च होता सुमारे ३ लाख २० हजार डॉलर, हॉलिवूडच्या मानाने किरकोळ. घोड्यांच्या शर्यतीच्या मैदानावर पडणारा दरोडा. पण त्यात सराईत गुंड फार कमी. एक आहे तिकीटखिडकीवरचा रोखपाल. एक आहे दारूच्या गुत्त्यावरचा माणूस, त्याची बायको आजारी आहे. एक आहे कर्जात बुडालेला पोलीस. म्हणजे पगारावर जगणारी माणसं. बेत बिनचूक पार पडतो. फसतो कुठे? रोखपाल घरी बायकोवर छाप पाडायला जरा जास्त बोलतो. आणि शेवटी विमानतळावर एक लहानसं कुत्रं सामानाच्या गाडीसमोर धावत येतं, गाडी वळते, पेटी खाली पडून उघडते आणि पंख्याच्या वाऱ्यावर सगळ्या नोटा उडून जातात. दिग्दर्शकाने धावपट्टीवर स्फोट केला असता तर लाखो डॉलर लागले असते. त्याला लागला एक कुत्रा, एक पेटी आणि कागद.

मग १९९२ साली क्वेंटिन टॅरेन्टिनोचा 'रिझर्व्हॉयर डॉग्ज'. हा चित्रपट तो आधी अवघ्या ३० हजार डॉलरांत मित्रांना घेऊन करणार होता. हार्वी कायटेलसारखा नट सोबत आला म्हणून खर्च १२ लाख डॉलरच्या घरात गेला. हिरे लुटायला गेलेली टोळी, पण लूट पडद्यावर दिसतच नाही. आधीचं दिसतं, नंतरचं दिसतं. बहुतेक गोष्ट एका रिकाम्या गोदामात घडते. टोळीतल्यांना एकमेकांची नावं ठाऊक नाहीत, प्रत्येकाला रंगाचं नाव दिलंय, की पकडला गेला तर कुणाचं नाव सांगता येऊ नये. आणि बेत ढासळतो कुठे? एक जण गोळी लागून विव्हळतोय, त्याला धीर द्यायला दुसरा आपलं खरं नाव सांगतो. तो जखमी माणूस पोलिसांचा असतो. लोभापायी फसण्याच्या गोष्टी आपण ऐकतो. इथे दयेपायी फसलं.

याच कल्पनेवर २००२ साली संजय गुप्तांनी 'काँटे' केला. अमेरिकेत चित्रीकरण, मोठमोठे तारे, आणि बँकेवरचा दरोडा गोळीबारासकट दाखवलेला. त्यात मजा आहे, नाही असं नाही. पण दोन्ही सिनेमे लागोपाठ बघा. पैसा आल्यावर काय दाखवता येतं आणि नसल्यावर काय दाखवावं लागतं, हे तुम्हाला कुणी शिकवायची गरज उरणार नाही.

आपल्याकडचं सगळ्यात चांगलं उदाहरण म्हणजे २००७ चा 'जॉनी गद्दार'. दिग्दर्शक श्रीराम राघवन, पुण्यात वाढलेले, तिथल्याच फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये शिकलेले. हा चित्रपट त्यांनी दोघांना अर्पण केलाय, रहस्यकादंबऱ्या लिहिणारे जेम्स हॅडली चेस आणि दिग्दर्शक विजय आनंद. पाच भागीदार, प्रत्येकाचे पन्नास लाख, मिळून अडीच कोटी. रक्कम रेल्वेने बंगळूरला न्यायची. त्यातला सगळ्यात तरुण भागीदार ठरवतो की वाटेत ही रक्कम आपणच लांबवायची, आणि तीही कुणाला न मारता, फक्त गुंगी देऊन. पण ज्याला गुंगी दिली तो शुद्धीवर येतो आणि त्याला ओळखतो. एका क्षणात चोराचा खुनी होतो. पुढचा सगळा सिनेमा म्हणजे त्या एका क्षणाची डागडुजी. गद्दार कोण हे प्रेक्षकाला पहिल्यापासून ठाऊक आहे. ठाऊक नाही ते त्याच्या भागीदारांना. आपण खुर्चीत अवघडून बसतो ते त्यामुळे. या ताणाला पैसे लागत नाहीत, लिहिताना डोकं लागतं.

इथपर्यंत सिनेमाचं झालं. आता कायद्याकडे वळतो, कारण आपल्याकडे पटकथा लिहिणारे कायदा वाचत नाहीत आणि त्यातलं सगळ्यात मोठं नाट्य हातचं घालवतात.

मराठीत आपण सरसकट 'दरोडा' म्हणतो. कायद्यात त्याला मोजमाप आहे. चार माणसांनी धाक दाखवून लुटलं तर ती जबरी चोरी. पाच किंवा अधिक असतील तर दरोडा. रात्री कुणी नसताना कुलूप तोडलं, कुणाला धाक दाखवला नाही, तर घरफोडी. पूर्वी दरोड्याची व्याख्या भारतीय दंड संहितेच्या कलम ३९१ मध्ये होती. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू झाली, तिथे ती कलम ३१० मध्ये आहे. आणि पाच मोजताना आत शिरलेलेच मोजायचे असं नाही. तिथे हजर राहून मदत करणाराही धरला जातो. म्हणजे चार जण आत गेले आणि पाचवा दाराशी गाडी चालू ठेवून बसला, तर पाच झाले.

पुढे ऐका. दरोड्याला शिक्षा आहे जन्मठेप किंवा दहा वर्षांपर्यंत सक्तमजुरी. दरोडा घालताना त्या पाचांपैकी एकाने खून केला, तर पाचही जण त्याचे धनी. शिक्षा मृत्युदंडापर्यंत जाऊ शकते. गाडीत बसलेल्याने बंदूक पाहिलीसुद्धा नसेल. आणि दरोड्याची नुसती तयारी करणं, त्यासाठी जमणं, हाही आपल्याकडे गुन्हा आहे. 'दरोड्याच्या तयारीतील टोळी जेरबंद' ही बातमी पेपरात नेहमी असते ना, ती याच कलमाखालची.

आता तुमच्या लक्षात आलं असेल की मी कुठे येतोय. या सगळ्या गोष्टीत सगळ्यात कमी पैसे कुणाला मिळणार? त्या पाचव्याला. त्याला बेत किती सांगितलेला असतो? अर्धाच. आणि शिक्षेचा धोका? इतरांइतकाच पुरा. माझ्या मते भिवंडीत दरोड्याचा सिनेमा करायचा असेल तर कॅमेरा या पाचव्या माणसाजवळ ठेवा.

का, ते सांगतो. भिवंडी म्हणजे काय? एकेकाळी फक्त माग होते. आता माग आहेत आणि गोदामं आहेत. मुंबईत माल न्यायचा तर जकात भरावी लागायची, म्हणून मुंबईच्या हद्दीबाहेर, महामार्गालगत, आपल्या ग्रामपंचायतींच्या जागांवर माल साठवायची पद्धत पडली. काल्हेर, कशेळी, पूर्णा, राहनाळ, दापोडे, मानकोली, सगळीकडे पत्र्यांची छपरं उभी राहिली. १ जुलै २०१७ ला जीएसटी आला, जकात गेली, पण गोदामं गेली नाहीत, उलट वाढली. म्हणजे या शहरात लाखमोलाचा माल आणि रोजंदारीवरचा माणूस एकाच पत्र्याखाली बारा-बारा तास असतात. माल हमालाच्या पाठीवरून जातो, ड्रायव्हरच्या ताब्यात जातो, पहारेकऱ्याच्या भरवशावर झोपतो. चोरी झाली की चौकशीची पहिली पाळीही त्यांचीच येते, त्यांनी केलेली असो वा नसो.

बाहेरचे सिनेमावाले भिवंडीचं नाव घेतात ते गुंडांचा अड्डा म्हणून. संवादात एक ओळ टाकली, काम झालं. तुम्ही इथले आहात. तुम्हाला ठाऊक आहे की इथे रात्री दोन वाजता गोदामाबाहेर छोटा हत्ती लावून झोपलेल्या पोराच्या डोक्यात काय चाललेलं असतं. गाडीचा हप्ता, गावाकडे पाठवायचे पैसे, बहिणीचं लग्न. त्याला कुणी येऊन म्हणालं, 'एक फेरी आहे, दहा हजार देतो, विचारू नकोस काय आहे,' तर तो काय करेल?

अलीकडच्या खऱ्या घटना बघा. नोव्हेंबर २०१७ मध्ये नवी मुंबईत, जुईनगरला, चोरट्यांनी बँकेजवळचा गाळा भाड्याने घेतला, दुकान थाटलं, काही महिने दुकानदारी केली आणि आतून भुयार खणून बँकेच्या लॉकरखोलीत निघाले. शनिवार-रविवारच्या सुट्टीत तीस लॉकर फोडले. सोमवारी बँक उघडली तेव्हा कळलं. बेत म्हणून बघाल तर पैकीच्या पैकी गुण. तरी काही दिवसांतच अटका सुरू झाल्या. त्याआधी जून २०१६ मध्ये ठाण्यात, रोकड हाताळणाऱ्या एका कंपनीच्या कार्यालयावर पहाटे दरोडा पडला, कोट्यवधी रुपये गेले. तिथेही काही दिवसांत टोळी सापडली आणि धागा निघाला तो आतल्या माणसाचा.

आणि जुईनगरच्या त्या लॉकरमध्ये कुणाचं काय होतं? निवृत्त माणसांचं, बायकांचं स्त्रीधन. लॉकरमधला माल गेला तर बँकेने काय द्यायचं याचा स्पष्ट नियम तेव्हा ग्राहकाच्या बाजूने नव्हता. रिझर्व्ह बँकेने तो पुढे, १ जानेवारी २०२२ पासून लागू केला: चोरी, आग किंवा कर्मचाऱ्याची फसवणूक झाली तर वार्षिक भाड्याच्या शंभरपटीपर्यंत. म्हणजे लॉकरचं भाडं वर्षाला दोन हजार असेल तर जास्तीत जास्त दोन लाख. आजच्या भावात त्यात किती तोळे येतात, घरी जाऊन हिशेब करा. सिनेमात बँक लुटली की आपण टाळ्या वाजवतो, कारण बँक म्हणजे कुणीच नाही असं आपल्याला वाटतं.

बरं, आता चित्रीकरणाचा हिशेब. सिनेमाचा खर्च तीन गोष्टींनी वाढतो: दिवस, माणसं आणि जागा. यातली जागा सगळ्यात फसवी. एक जागा बदलली की गाड्या, दिवे, परवानगी, जेवण, सगळं पुन्हा. म्हणून एका रात्रीची गोष्ट लिहा. एका रात्रीची असेल तर कपडे एकच, जागा दोन-तीन: टेम्पोची केबिन, गोदामाचं आवार, एखादा चहाचा ठेला. दरोडा आत चाललाय, आपण बाहेर आहोत. पाचव्याला जे दिसतं तेवढंच आपल्याला दिसतं. शटर अर्धं वर, आत विजेरीचा उजेड हलतोय. मग आतून एक आवाज येतो. कशाचा? त्यालाही कळत नाही, आपल्यालाही नाही. गोळी असेल, पत्र्यावर काही पडलं असेल. कायदा आठवा: तो आवाज गोळीचा असेल तर या क्षणी त्याचं आयुष्य बदललं, आणि तो अजून स्टिअरिंगवर हात ठेवून बसलाय. हा प्रसंग चित्रित करायला किती खर्च येईल? मला वाटतं जेवणाचा जेवढा येईल तेवढाच.

आवाजाचं जरा जपा. मागाच्या शेजारी संवाद ध्वनिमुद्रित करायला जाल तर खटखटाटापुढे काही ऐकू येणार नाही. तो आवाज वेगळा मुद्रित करून ठेवा, फार कामाचा आहे. माग चालू असताना माणसं ओरडून बोलतात, आणि वीज गेली की एकदम सगळं थांबतं. त्या शांततेत हळू बोललेलं वाक्यही चार घरं ऐकतात. याच्यावर अख्खा प्रसंग उभा राहील. पत्र्याच्या रिकाम्या गोदामात आवाज घुमतो; कापडाच्या गाठी रचलेल्या असतील तर तो बराच शोषला जातो. म्हणजे भरलेलं गोदाम मिळालं तर तुमचा अर्धा स्टुडिओ तयार आहे.

आपल्यासारख्याच यंत्रमागाच्या गावात, मालेगावात, शेख नासीर यांनी हे करून दाखवलंय. व्हिडिओ पार्लर चालवणारा माणूस. 'मालेगाव के शोले' केला, पुढे 'मालेगाव का सुपरमॅन' केला. कॅमेरा सरकवायला सायकल, उंचावरून दृश्य घ्यायला बैलगाडी. सुपरमॅन झालेला मुलगा मागावर काम करणारा. फैझा अहमद खान यांचा त्यावरचा माहितीपट जगभर गेला. त्यांनी मोठ्या सिनेमाची नक्कल प्रेमाने केली. तुम्ही एक पाऊल पुढे जा आणि आपल्या गावची गोष्ट करा.

आता एक-दोन प्रश्न घेऊ.

प्रश्न: शेवटी त्या पाचव्याला पैसे मिळाले आणि तो सुटला, असं दाखवलं तर चालेल का?

चालेल की. पण मग मला हेही दाखवा की त्याच्याऐवजी कोण अडकलं. गोदामाचा पहारेकरी अडकला का? त्या रात्री सुट्टीवर असलेला हमाल अडकला का? कुणाला तरी बिल भरावं लागतं. नायक पैसे घेऊन गावी गेला आणि पहारेकरी ठाण्यात बाकावर बसलाय, असा शेवट मला अटकेपेक्षा जास्त जड वाटेल.

प्रश्न: बंदूक दाखवायची तर नकली वापरली की झालं ना?

नकली असली तरी बघणाऱ्याला ती खरीच दिसते. रात्री रस्त्यावर चार मुलं तोंड बांधून बंदूक घेऊन पळाली तर लोक कॅमेरा कुठे आहे हे शोधत बसणार नाहीत, घाबरतील, किंवा मारायला धावतील. पोलीस ठाण्यात आधी लेखी कळवा, जागामालकाची लेखी संमती घ्या, आजूबाजूच्या दुकानदारांना सांगून ठेवा. आणि खरं सांगू का, लिहिताना बंदूक काढून बघा. कोयता, लोखंडी पहार, नुसता मोबाइलवर आलेला एक फोन, यानेही भागतं.

प्रश्न: दरोडाच दाखवला नाही तर प्रेक्षक पैसे परत मागणार नाहीत का?

प्रेक्षकाला आत काय चाललंय हे कळायला हवं असेल, आणि त्या पोराची काळजीही वाटत असेल, तर तो हलणार नाही. काळजी वाटायची तर आधी दहा मिनिटं त्या पोराबरोबर घालवा. त्याला भूक लागलीय, वडापाव घ्यायला उतरावं की गाडीतच थांबावं, एवढ्यावरसुद्धा प्रेक्षक श्वास रोखतो. ही दहा मिनिटं लिहायला बसा. कॅमेरा भाड्याने आणायचं त्यानंतर बघू. लिहून झालं की पुन्हा भेटू, मी वाचायला तयार आहे.